अंकुराची वाढ

बीड जिल्ह्यांतील ऊसतोड्यांवर अनुबोधपट घेऊं इच्छिणाऱ्या तरुणानें आधीं कोणाचा कित्ता गिरवावा, असें कोणी विचारल्यास आम्ही धुंडिराज गोविंद फाळके यांचें नांव सांगूं. मात्र तें 'राजा हरिश्चंद्र'साठीं नव्हे. तो पट १९१३ च्या मे महिन्यांत मुंबईस लागला, हें सर्वांस ठाऊक आहे. त्यापूर्वीं १९१२ सालीं त्यांनीं घेतलेल्या 'अंकुराची वाढ' ह्या इवल्याशा पटाची आठवण मात्र भांडवल मिळविण्याच्या खटपटीपुरतीच काढली जाते. ह्यांत त्या पटावर अन्याय होतो, असें आमचें मत आहे.

लंडनहून आणविलेल्या विल्यमसन कॅमेऱ्यानें फाळक्यांनीं कुंडींतील वाटाण्याचें रोज एकेक चित्र, महिन्याहून अधिक काळ, टिपलें. तीं चित्रें ओळीनें पडद्यावर पडतांच, सर्वांच्या डोळ्यांदेखत वाढूनही वाढतांना कोणास न दिसलेलें रोप मान वर करूं लागलें. ही युक्ति त्यांचीच होती असें नाहीं. इंग्लंडांत पर्सी स्मिथनें १९१० सालींच फुलांचें उमलणें असें दाखविलें होतें. पण जे. जे. कलाशाळा व बडोद्याचें कलाभवन येथें शिकलेल्या, छायाचित्रण, पुराणवस्तु खात्यांतील आरेखन व शिळामुद्रण ह्यांत हात बसलेल्या कलावंतानें देव नाहीं, राजा नाहीं, नट नाहीं, अशा पटानें आरंभ करावा, ह्यांत त्याची दृष्टि दिसते.

कोणी म्हणेल, हें प्रयोगशाळेंतील टिपण झालें. ह्यांत कला ती कोणती? आमचें उत्तर असें कीं, दोन चित्रांमध्यें किती काळ गाळावयाचा हें ठरविणें हीच येथील कला होय. वस्तूला अभिनय करावयास न लावतां तिचें सत्य प्रगट करणें, हें अनुबोधपटाचें मर्म त्यांत आहे. पुढें प्रेक्षकांनीं पैसा देवादिकांच्या पटांस दिला. अंकुर मागें पडला.

आतां बीडकडे पाहूं. दसरा-दिवाळीच्या सुमारास मुकादमाची उचल घेतलेलीं कुटुंबें पश्चिम महाराष्ट्रांतील व कर्नाटकांतील कारखान्यांकडे निघतात. नवराबायकोची जोडी तेथें 'एक कोयता' म्हणून मोजली जाते. कॅमेरा घेऊन दोन दिवस येणाऱ्यास निघण्याची गर्दी, बैलगाड्या व ट्रॅक्टर सांपडतील, थोडे अश्रूही सांपडतील. परंतु आजीपाशीं राहिलेल्या मुलाचें शाळेपासून हळूहळू तुटणें, उचलीचा एका हंगामांतून दुसऱ्या हंगामांत सरकणारा बोजा, हें त्यास मिळणार नाहीं. तें रोज थोडें थोडें घडतें. म्हणूनच दिसत नाहीं.

'अंकुराची वाढ' आज पाहावयास मिळत नाहीं, हें खरें. तरी तिची रीत ठाऊक आहे : एकाच जागीं टिकून रोज थोडें टिपावें, आणि घाई करूं नये. ज्या कलावंतास एका उंबऱ्यापाशीं सहा महिने थांबवत नाहीं, त्यानें ऊसतोड्यांच्या दुःखाचा पट हातीं न घेणेंच बरें.