ट्रिकसीनची चलती

मुंबईहून महामार्गाने खाली येताना खारेपाटण लागलं की सिंधुदुर्ग सुरू होतो. इथपासून पार बांद्यापर्यंत, जत्रांच्या हंगामात, रात्ररात्र दशावतार रंगतो. अलीकडे फलकावर नाटकाच्या नावाआधी ‘ट्रिकसीनयुक्त’ असं झळकतं. धूर, रंगीत झोत, तारेवरून झेपावणारा गरुड, धडावेगळं होणारं शिर. जाणकार नाकं मुरडतात. पाहायला मात्र तेही थांबतात.

चमत्काराची ही हौस बाहेरून आली, हे मला पटत नाही. मराठी माणसाने सिनेमा उभारला तोच चमत्कारावर. फाळक्यांनी १९१७च्या ‘लंकादहन’मध्ये मारुती उडवला, १९१९च्या ‘कालियामर्दन’मध्ये स्वतःच्या लेकीला, मंदाकिनीला, कृष्ण करून कालियाशी झुंजवलं. बाबूराव पेंटरांच्या ‘सैरंध्री’तला कीचकवध इतका खरा वाटला की सेन्सॉरने त्याला कात्री लावली. पेंटरांच्याच महाराष्ट्र फिल्म कंपनीत घडलेले मास्टर विठ्ठल तलवारीच्या आणि धाडसाच्या जोरावर मूकपटांचे लाडके नायक झाले. १९३१मध्ये ‘आलम आरा’ बोलला, तेव्हा नायक तेच होते; पण उच्चार जमेनात, म्हणून त्यांची भूमिका बरीचशी मुकीच ठेवली गेली. पुढे दुय्यम कामांवर भागवत १९६९मध्ये ते गेले. अंगाने बोलणाऱ्या नटाचा भाव किती झरझर उतरतो, त्याचं याहून कडू उदाहरण मला ठाऊक नाही.

दशावतारी नटाला अंग आणि वाणी यांची ही फाळणी परवडतच नाही. हाती लिखित संहिता नाही. तोंड स्वतःच रंगवायचं, संवाद उभ्या उभ्या रचायचे आणि पखवाज-झांजेच्या तालावर युद्धही करायचं. ‘कट’ म्हणणारा कुणी नसतो. वार चुकला तर समोरच्याने तो तालातच सावरायचा. माझ्या लेखी या कलेतली खरी करामत हीच.

ट्रिकसीन या करामतीला जोडून आला तर बहार येते. बाळ गणपतीचं शिर उडतं आणि त्याच क्षणी पार्वतीचा विलाप सुरू होतो, तेव्हा तार कुठे होती हे कुणी शोधत नाही. पण यंत्र लागेपर्यंत हार्मोनियमवाला एकच सूर लांबवत बसला, की नाटक संपतं आणि प्रदर्शन उरतं. असे प्रयोग वाढताहेत. लढाई आखूड होते, झगमगाट लांबतो.

२०२५च्या ‘दशावतार’ चित्रपटातल्या दिलीप प्रभावळकरांच्या बाबुली मेस्त्रीमुळे या नटाकडे शहराचं लक्ष गेलं, हे चांगलंच झालं. लोखंडी सांगाडा जोडणारा, तार ताणणारा, अंधारात दोर धरून उभा राहणारा मात्र अजून पडद्याआडच आहे. मंडळांनी फलकावर राजपार्ट, स्त्रीपार्ट यांच्या जोडीला त्याचंही नाव छापावं. आणि जत्रेच्या कमिटीने माणूस तारेवर चढण्याआधी ती तार एकदा तपासून घ्यावी.