राम कुमार यांची काशी : माणसं कुठे गेली?

आता राम कुमार यांच्याकडे येऊ. १९६० साली ते हुसेन यांच्याबरोबर बनारसला गेले. हुसेन जन्माने पंढरपूरचे, म्हणजे नदीकाठचं तीर्थ त्यांच्या जन्मगावातच होतं. राम कुमार सिमल्याचे, पॅरिसमध्ये आंद्रे ल्होत आणि लेजे यांच्याकडे शिकून आलेले. तोवर ते काय रंगवत होते? बेकार तरुण, कारकून, शहरात हरवलेले उदास चेहरे. आणि बनारसनंतर? चित्रातून माणूसच गेला.

याचं ठरलेलं उत्तर आहे: काशी म्हणजे चिता, मृत्यू, वैराग्य, चित्रकार अंतर्मुख झाला. मला हे अर्धंच पटतं. चिता तर तिथे जाणाऱ्या प्रत्येकाला दिसते. मग चित्रं अशीच का झाली?

जरा शहराची ठेवण बघा. गंगा इथे उत्तरेकडे वळते आणि जुनं शहर तिच्या एकाच काठावर, पश्चिमेला आहे. समोर नुसती वाळू. होडीतून बघितलं की पायऱ्या, बुरूज, वाडे, देवळं एकावर एक रचल्यासारखी दिसतात, मधे फट म्हणून नाही. (यातलं बरंच बांधकाम आपल्याकडच्यांचं बरं का : अहिल्याबाईंचा घाट, शिंदे घाट, भोसले घाट.) कुठलं घर पुढे, कुठलं मागे, सांगता येत नाही. ल्होत यांच्याकडे क्युबिझमचे जे धडे गिरवले, ते इथे दगडात उभे होते! शिवाय दर पावसाळ्यात नदी चढते आणि उतरताना पायऱ्यांवर गाळ ठेवून जाते. त्या चित्रांतले राखाडी, तपकिरी थर मला वैराग्याचे कमी आणि त्या गाळाचे जास्त वाटतात.

पण मग एक आक्षेप उरतोच. पॅरिसमध्ये डाव्या विचारांच्या जवळ गेलेला, बेकारांना रंगवणारा हा माणूस त्यांना सोडून गेला का? बनारसच्या चित्रांपुरतं मी म्हणेन, नाही. ती घरं अंगाला अंग चेपून बसलीत, खिडक्या म्हणजे काळे चौकोन. कारकुनांच्या चेहऱ्यावर जे होतं तेच भिंतींवर आलंय. पुढे मात्र घरंही विरघळली, नुसत्या रंगांच्या पाचरी उरल्या. सुंदर आहेत, वाद नाही. पण त्यांच्या बाजूने हेच उत्तर माझ्याकडून देववत नाही.

पुढची स्लाइड घ्या.