परतलेल्या शिपायाचें काय?

अमेरिकेच्या नैर्ऋत्येकडील न्यू मेक्सिको संस्थानाची राजधानी सांता फे येथें विधिमंडळाच्या जुन्या इमारतीस ‘बाटान स्मारक’ असें नांव दिलेलें असून तेथें एक ज्योत अखंड तेवत ठेवलेली आहे. ता. ९ एप्रिल १९४२ रोजीं फिलिपाइन्समधील बाटान येथें अमेरिकन फौज जपानला शरण गेली. तींत या विरळ वस्तीच्या संस्थानांतील सुमारें १८०० तोफखान्याचे शिपाई होते. पुढील पायपीट, कैद व उपासमार यांतून जवळ जवळ निम्मेच घरीं परतले. वाळवंटांतून त्यांची स्मरणयात्राहि १९८९ सालीं सुरू झाली. तेव्हां गौरवांत उणें पडलें असें म्हणतां यावयाचें नाहीं. परंतु जे परत आले त्यांच्या मनाचें काय झालें, हें त्या ज्योतीला विचारून कळत नाहीं. त्यासाठीं लेस्ली मार्मन सिल्को यांची ‘सेरेमनी’ (१९७७) ही कादंबरीच उघडली पाहिजे.

लेखिका याच संस्थानांतील लगूना प्यूब्लो या गांवीं वाढलेल्या, व त्यांचा नायक टायो हाहि लगूनाचाच, पण गोऱ्या बापाचा मुलगा. फिलिपाइन्सच्या जंगलांत जखमी मावसभाऊ रॉकी याला वाहून नेत असतांना त्यानें न थांबणाऱ्या पावसाला शाप दिला. रॉकी तर मेलाच. आणि इकडे गांवीं सहा वर्षें पाऊस नाहीं. हा दुष्काळ आपल्याच शापाचें फळ, अशी टायोची खात्री झालेली आहे. लॉस एंजेलिसच्या लष्करी इस्पितळांत त्याला सांगण्यांत येतें कीं, ‘आम्ही’ म्हणूं नकोस, स्वतःपुरताच विचार कर. आपल्या मतें सारी कादंबरी म्हणजे या एका वैद्यकीय सल्ल्याचें खंडन होय.

पुस्तकांत प्रकरणें नाहींत, काळाचा क्रम नाहीं, आणि मध्येंच जुन्या कथागीतांचे तुकडे येतात. पहिलीं पन्नास पानें वाचकाचा धीर पाहतात हें खरें. पण कूऊश नांवाचा वृद्ध मांत्रिक टायोच्या उशाशीं येऊन बसतो तो प्रसंग वाचला म्हणजे ही सहनशीलता वाया गेली नाहीं असें वाटतें. शत्रूला मारून आलेल्या योद्ध्यास शुद्ध करून घेण्याचा विधि या जमातींत परंपरेनें चालत आला आहे. पण टायो म्हणतो, मीं कोणाला मारल्याचें मला ठाऊकच नाहीं. म्हाताऱ्याला हें समजत नाहीं. आपण माणूस मारला कीं नाहीं हें मारणाऱ्यालाच कळूं नये, असें युद्ध त्याच्या विधीनें कधीं पाहिलेलेंच नाहीं! आधुनिक युद्धाविषयीं इतकें भयंकर, आणि तेंहि इतक्या साध्या रीतीनें, सांगितलेलें आमच्या वाचनांत क्वचितच आलें असेल.

याच्या उलट टोंकाला ईमो. मेलेल्या जपान्यांचे दांत पिशवींत बाळगणारा हा शिपाई दारूच्या गुत्त्यांत बसून गणवेशाच्या दिवसांची आठवण काढतो. तेव्हां गोऱ्या मुली त्याच्याबरोबर नाचत. गणवेश उतरला, आणि तो पुन्हां कोणीच उरला नाहीं. ही कादंबरीकाराची अतिशयोक्ति म्हणावी, तर इतिहास आडवा येतो. इस्लेटा प्यूब्लोचे मिगेल त्रुहियो हे महायुद्धांत नौदळाच्या पायदळांत नोकरी करून आले. पण मतदारयादींत नांव घालावयास गेले असतां, कर न भरणारे इंडियन या कलमाखालीं त्यांस नकार मिळाला. त्यांनीं दावा लावला, व १९४८ च्या ऑगस्टांत न्यायालयाचा निकाल झाल्यावरच न्यू मेक्सिकोंतील या शिपायांस मत देतां आलें.

येथेंच आमचा मुख्य आक्षेप आहे. गोऱ्यांचें आगमन, त्यांची हांव, त्यांचीं शस्त्रें हें सर्व एका चेटक्यानें सांगितलेल्या गोष्टींतून जन्मास आलें, असें लेखिका एका कथागीतांत सुचविते. कल्पना म्हणून ती अंगावर कांटा आणणारी आहे, यांत शंका नाहीं. परंतु त्रुहियोंना परत पाठविणारा कारकून कोणा चेटक्याच्या गोष्टींतला नव्हता; त्याच्यापुढें कायद्याचें पुस्तक होतें. सर्वच दोष चेटकाच्या माथीं मारला म्हणजे त्या पुस्तकाचा जाब कोणाकडे मागावयाचा? पॉला गन ॲलन या लगूनाशींच नातें असलेल्या विदुषींनीं दुसरीच तक्रार केली आहे: घरांतल्या कथा अशा चव्हाट्यावर मांडावयास नको होत्या. त्या वादांत परक्यानें बोलूं नये हेंच बरें.

शेवट युरेनियमच्या बंद खाणीजवळ होतो. पहिल्या अणुबाँबची चांचणी १६ जुलै १९४५ रोजीं याच संस्थानांत झाली, हें लेखिका विसरूं देत नाहीं. ईमो एका सोबत्याचे हाल करीत आहे. अंधारांत लपलेल्या टायोच्या हातांत स्क्रू-ड्रायव्हर आहे, व एका उडींत सूड घेतां येण्याजोगा आहे. तो जागचा हालत नाहीं. पुढें गांवचे वृद्ध त्याला आपल्या कीव्हांत, म्हणजे विधिगृहांत, बोलावून घेतात. पदक नाहीं, भाषण नाहीं. ते त्याला सारी हकीकत सांगावयास लावतात, आणि वरचेवर थांबवून विचारतात: ठिकाण कोणतें, वेळ कोणती, ती कोणत्या दिशेनें आली, तिच्या डोळ्यांचा रंग कोणता?