रस्किन, वर्धा रोड आणि मजुरीचा प्रश्न

मिहानमधली रात्रपाळी संपवून आम्ही चहाला थांबतो, तेव्हा गळ्यातल्या पट्ट्यांवरून कोण कंपनीचं आणि कोण कंत्राटदाराचं ते लगेच कळतं. इमारत तीच, तास तेवढेच. पगारात मात्र जमीन-अस्मानाचा फरक. मजुरी न्याय्य कधी ठरते, हा प्रश्न जॉन रस्किनने १८६० मध्ये विचारला होता. त्याचे पडसाद याच वर्धा रोडने पुढे लागणाऱ्या सेवाग्रामपर्यंत पोचले. म्हणून मी ‘अन्टू धिस लास्ट’ वाचायला घेतलं.

रस्किन (१८१९-१९००) अर्थतज्ज्ञ नव्हता. शेरी विकणाऱ्या श्रीमंत व्यापाऱ्याचा हा एकुलता मुलगा चित्रांवर लिहायचा. १८४३ मध्ये ‘मॉडर्न पेंटर्स’च्या पहिल्या खंडात त्याने टर्नरची बाजू घेतली. पुढे ‘द स्टोन्स ऑफ व्हेनिस’ लिहिताना गॉथिक इमारतींच्या ओबडधोबड कोरीवकामात त्याला कारागिराचं स्वातंत्र्य दिसलं. ज्याला चुकायची मुभा आहे तोच माणूस म्हणून काम करतो, दुसऱ्याने आखलेली नक्षी हुबेहूब गिरवणारा हत्यार बनतो, असं त्याचं म्हणणं. इमारतीकडे पाहता पाहता तो ती बांधणाऱ्याकडे पाहू लागला, आणि तिथून मजुरीपर्यंतचं अंतर फार नव्हतं.

‘अन्टू धिस लास्ट’चे लेख ‘कॉर्नहिल मॅगझिन’मध्ये येऊ लागले आणि वाचक इतके भडकले की संपादक थॅकरेला चार लेखांवर मालिका थांबवावी लागली. १८६२ मध्ये त्याचं पुस्तक झालं. नाव बायबलमधल्या गोष्टीतलं आहे: द्राक्षमळ्याचा मालक शेवटच्या तासाला आलेल्या मजुरालाही पूर्ण दिवसाची मजुरी देतो. रस्किनचा मुद्दा साधा आहे. डॉक्टर निवडताना आपण सर्वांत स्वस्त कोण ते बघत नाही. मग मजुराच्या बाबतीत बोली का लावतो? कामाचा दर ठरलेला असावा, निवड कौशल्यावर व्हावी. पोटासाठी कमी पैशांत राबणाऱ्याला पुढे करून सगळ्यांचाच दर पाडणं हा अन्याय. दर ऑर्डरमागे बदलता मोबदला घेऊन बाइक पळवणाऱ्या पोरांना हे समजवावं लागणार नाही.

१९०४ मध्ये हेन्री पोलाक यांनी दिलेलं हे पुस्तक गांधींनी जोहान्सबर्ग-डर्बन प्रवासात वाचलं आणि त्याच वर्षी फिनिक्सची वसाहत उभी केली. १९०८ मध्ये त्यांनी त्याचा गुजराती सारांश ‘सर्वोदय’ नावाने छापला. वकिलाच्या आणि न्हाव्याच्या कामाचं मोल सारखंच, असा अर्थ त्यांनी काढला. पण मूळ पुस्तकात हे इतकं सरळ नाही. रस्किनला एका धंद्यातल्या सगळ्यांना एक दर हवा होता. मालक-नोकर ही उतरंड त्याला मान्यच होती. मालकाने बापासारखं वागावं, एवढीच त्याची अपेक्षा. १८५७ च्या उठावानंतर याच रस्किनने भाषणातून भारतीय कलेची आणि माणसांचीही हेटाळणी केली. शेवटच्या माणसाची त्याची कल्पना आपल्यापर्यंत येत नव्हती. ती इथवर आणली गांधींनी, स्वतःच्या वाचनातून.

गांधींची विश्वस्त कल्पनाही मला याच जागी अडखळताना दिसते: मालक चांगला निघाला नाही तर काय? १९४५ मध्ये डॉ. आंबेडकरांनी गांधीवादावर टीका करताना रूसो, टॉल्स्टॉय यांच्यासोबत रस्किनचंही नाव घेतलं. यंत्राला दोष देणारे हे युक्तिवाद त्यांना जुने वाटत. यंत्रामुळे माणसाला फुरसत मिळते, आणि फुरसतीशिवाय संस्कृती नाही, हे त्यांचं म्हणणं. दिवसभर कपाशी वेचणाऱ्या बाया पाहिलेल्या माणसाला ते पटतं.

तरी रस्किन बाजूला ठेवता येत नाही. दर बोलीवर सोडू नये, हा त्याचा मुद्दा टिकतो. फक्त तो मालकाच्या मनावर सोडता येत नाही. १९४६ मध्ये मजूर खात्याचे सदस्य असताना किमान वेतनाचं विधेयक आंबेडकरांनीच मांडलं; १९४८ मध्ये त्याचा कायदा झाला. रस्किनने जे मालकाच्या दयेवर सोडलं होतं, ते इथे मजुराचा हक्क झालं. आमच्या चहावाल्याकडचे दोन रंगांचे पट्टे बघितले की तो हक्क अजून किती अपुरा पोचलाय तेही दिसतं. पुस्तक वाचा, पण सेवाग्रामला जाल, तर वाटेत दीक्षाभूमीवरही थांबा.