शिळ्या भाताला नवं नाव

नाटकाचं परीक्षण होतं, पुस्तकाचं होतं, गाण्याच्या बैठकीचं तर गाणं संपायच्या आतच होतं. स्वयंपाकाचं मात्र आपल्याकडे परीक्षण होत नाही, तक्रार होते. ‘मीठ कमी आहे’ या वाक्यापलीकडे मराठी पुरुषाची पाकसमीक्षा कधी सरकलेली नाही. ही उणीव कुणीतरी भरून काढायला हवी, म्हणून आज मी घरगुती फ्राइड राइस परीक्षणाला घेतला आहे. हॉटेलातला नव्हे. रविवारी सकाळी ज्याची घोषणा होते आणि दुपारी दीड वाजता जो ताटात पडतो, तो.

आधी संहिता, म्हणजे पाककृती. ती साधारण अशी असते : दोन वाट्या मोकळा भात, एक बारीक चिरलेला कांदा, बारीक चिरलेला लसूण, उभी चिरलेली फरसबी, किसलेलं गाजर, चिरलेली कांद्याची पात. वेळ : दहा मिनिटं. आता तुम्हीच बघा, या संहितेत विशेषणं किती आहेत! चिरलेला, चिरलेली, किसलेलं. पण चिरला कोणी? शाळेत गुरुजी विचारायचे, वाक्यात कर्ता कुठे आहे? तो ओट्याशी उभा आहे, आणि त्याची दहा मिनिटं चाळीस मिनिटांपूर्वी सुरू झाली आहेत. खर्चाची बाजू वहीत लिहिलीच नाही तर कुठलाही धंदा नफ्यात दिसतो, हे कॉमर्सच्या पहिल्या वर्षालाच शिकवतात. १९७० साली ‘रुचिरा’ आलं आणि कमलाबाई ओगल्यांनी घरोघरच्या ‘अंदाजानं घाल गं’ला वाटी-चमच्याचं माप दिलं. साहित्य मोजून झालं. चिरणाऱ्या हाताचा वेळ अजून मोजायचा राहिला आहे.

आता पात्रं. नायक अर्थातच भात, आणि तो शिळाच हवा. शिजताना फुगलेला भातातला स्टार्च गार झाल्यावर पुन्हा घट्ट होतो, शितं कडक होतात आणि एकमेकांना सोडतात. ताज्या गरम भाताला हे जमत नाही. तो कढईत पडला की शेजारच्या शिताच्या गळ्यात गळा घालतो, आणि सोया सॉस घातलेला गुरगुट्या भात तयार होतो. मात्र शिळा म्हणजे रात्रभर ओट्यावर झाकून ठेवलेला नव्हे. भातात असणाऱ्या एका जिवाणूची बीजं उकळूनही मरत नाहीत. भात उबेत राहिला की ती जागी होतात, आणि त्यांनी केलेलं विष दुसऱ्या दिवशीच्या परतण्यानंही जात नाही. म्हणून भात लवकर निववून फ्रीजमध्ये ठेवावा. नायक शिळा चालेल, आजारी चालणार नाही.

बाकीची प्रमुख पात्रं एकाच कुळातली : कांदा, लसूण आणि कांद्याची पात. यांतला कांदा अख्खा असेपर्यंत अगदी सज्जन असतो. सुरी लागली की त्याच्या पेशी फुटतात, वेगवेगळ्या कप्प्यांतले पदार्थ एकत्र येतात आणि डोळ्यांना झोंबणारी वाफ उठते. हे काम करणारं एक स्वतंत्र एन्झाइम कांद्यात आहे, असं जपानी संशोधकांनी २००२ साली दाखवून दिलं. म्हणजे चव करायला एक कर्मचारी आणि रडवायला दुसरा! असा कडेकोट बंदोबस्त असल्यावर १९८० ची लोकसभा काय किंवा १९९८ ची दिल्लीची विधानसभा काय, निवडणुकांत कांदा गाजला नसता तरच नवल.

दिग्दर्शन फसतं ते इथे. तिघं एका कुळातले म्हणून आपण त्यांना एकदमच कढईत लोटतो, लग्नघरात सगळे पाहुणे एकाच खोलीत कोंबावेत तसे. पण भावकीतही स्वभाव वेगळे असतातच की! कांद्याला वेळ लागतो, तो आधी घालावा. बारीक चिरलेला लसूण बघता बघता करपतो आणि मग अख्खी कढई कडू करतो, म्हणून तो कांदा जरा पारदर्शक झाल्यावर. पातीचा पांढरा भाग कांद्याबरोबर चालतो. हिरवा भाग मात्र गॅस बंद करताना. तो शिजला की रंग जातो आणि घातला होता याचा पुरावाही उरत नाही.

दुसरा दोष गर्दीचा. चिनी बल्लवाचार्य फ्राइड राइस उडवतात तो सेकंदाला जवळजवळ तीन वेळा, असं अमेरिकेतल्या जॉर्जिया टेकच्या संशोधकांनी २०२० साली मोजलं. आच एवढी प्रचंड की भात उडता राहिला तरच करपत नाही. आपण घरच्या गॅसवर, पाच माणसांचा भात एका कढईत, झाऱ्यानं ढकलत असतो. एवढ्या गर्दीत भाज्यांना पाणी सुटतं आणि तळण्याऐवजी सगळं वाफवून निघतं. उपाय सोपा : दोघांपुरता भात एका वेळी परतावा. पण मग तीन घाणे निघतात, पहिल्या घाण्याला घरातले पुरुष आणि पोरं तुटून पडतात, आणि ‘वा, आज जमलाय हं!’ हे ऐकत जी उभी असते तिच्या वाट्याला शेवटचा घाणा येतो, ज्यात गाजर फार आणि भात कमी.

आता मूळ मुद्दा. मोहरी, हिंग, हळद, कढीपत्ता, कांदा, मूठभर दाणे आणि कालचा भात. याला आपण फोडणीचा भात म्हणतो, आणि पाहुणे आले की तो झाकून ठेवतो. कथानक तेच, नायक तोच, कांदाही तोच. फक्त फोडणीच्या जागी सोया सॉस आला की तोच भात बाहेर येऊन मिरवतो. हे नावाचं राजकारण एकवेळ चालेल. पण फ्राइड राइस करायचा म्हणून मुद्दाम बासमती शिजवायचा, परातीत पसरून पंख्याखाली गार करायचा, आणि त्याच वेळी फ्रीजमधला कालचा भात टाकून द्यायचा, हे अती झालं. चीनमधलं यांगझौ हे शहर फ्राइड राइससाठी प्रसिद्ध. तिथे २०१५ साली चार हजार किलोंहून अधिक फ्राइड राइस करून विक्रम नोंदवायचा घाट घातला गेला. त्यातला काही भात डुकरांकडे गेल्याचं बाहेर आलं आणि विक्रम रद्द झाला. योग्यच झालं. जो पदार्थ उरलेला भात वाया जाऊ नये म्हणून करायचा, त्याच्यासाठी भात वाया घालवणं म्हणजे काटकसरीचं व्याख्यान ऐकायला टॅक्सी करून जाणं.

तेव्हा समीक्षकाचा अभिप्राय असा. प्रयोग पाहावा, जरूर पाहावा. पण कालचा भात उरला असेल तेव्हाच. सोया सॉस खारट असतो, मीठ बेतानं घालावं. शेवटच्या घाण्याचं ताट आधी वाढून ठेवावं. आणि ज्याला परीक्षण करायचं असेल त्यानं कांदा चिरायला बसावं. डोळ्यांत पाणी आलेला समीक्षक जरा न्यायानं लिहितो.