रंगवलेल्या पडद्यापासून तयार वाड्यापर्यंत : कोल्हापूरचे कलादिग्दर्शन

चित्रपटातील घर, रस्ता, दरबार, वस्त्रे आणि हाताळण्याच्या वस्तू यांचे एकूण दृश्यरूप चित्रीकरणाआधी ठरवण्याची जबाबदारी ज्याच्यावर असते, त्याला आज प्रॉडक्शन डिझायनर म्हणतात. त्याच्या आराखड्यानुसार नेपथ्य, म्हणजे सेट, उभारून घेणारा तो कलादिग्दर्शक. हॉलिवूडमध्ये १९३९ च्या 'गॉन विथ द विंड'साठी विल्यम कॅमेरॉन मेन्झिस यांना हे श्रेय मिळाले आणि पुढे ते पद रूढ होत गेले. कोल्हापुरात मात्र हे काम त्याआधी जवळजवळ वीस वर्षे, पदाच्या नावाविना, चालू झाले होते, कारण येथे चित्रपट कंपनीच मुळात चित्रकाराने काढली होती.

मेस्त्री घराण्यात १८९० साली जन्मलेले बाबूराव पेंटर आणि त्यांचे आतेमामे बंधू आनंदराव हे नाटक कंपन्यांचे पडदे रंगवत. रंगवलेल्या पडद्याची मर्यादा रंगभूमीवर खपून जाते. कॅमेऱ्यासमोर ती उघडी पडते, कारण पडद्यावर रंगवलेली खांबाची सावली दिव्याची दिशा बदलली तरी जागची हलत नाही. १९१६ मध्ये आनंदराव वारल्यावर बाबूरावांनी आपले सहकारी दामले यांच्या साहाय्याने कॅमेरा सिद्ध केला, महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली आणि 'सैरंध्री' (१९२०) पासूनच्या चित्रपटांत सपाट पडद्याच्या जागी लांबी, रुंदी आणि खोली असलेले बांधीव नेपथ्य आणले. प्रसंग, पोशाख व पात्रे यांची रेखाटने ते आधी करून ठेवत, आणि 'सिंहगड' (१९२३) मध्ये त्यांनी कृत्रिम प्रकाशाचा वापर केला. 'सावकारी पाश' (१९२५) मधील रात्रीच्या अंधारात बुडालेली गरिबाची झोपडी आणि तिच्यापाशी ओरडणारे कुत्रे, एवढ्यावरून कर्जाचे ओझे प्रेक्षकाला कळे, असे जुन्या जाणत्यांनी नोंदवले आहे. यांतील बहुतेक मूकपट आज उपलब्ध नाहीत. त्यामुळे त्यांच्याविषयीचा निवाडा जाहिरातचित्रे, छायाचित्रे आणि आठवणी यांवरच बेतावा लागतो, हे गौरव करताना सहसा विसरले जाते.

खरी परीक्षा शक्य आहे ती कागलच्या शेख फत्तेलाल यांच्या कामाची. बाबूरावांच्या हाताखाली तयार झालेले फत्तेलाल १९२९ मध्ये कोल्हापुरात स्थापन झालेल्या प्रभात फिल्म कंपनीचे एक भागीदार होते. कंपनी १९३३ मध्ये पुण्याला गेली, तरी तिची दृष्टी कोल्हापूरचीच राहिली. 'अमृतमंथन' (१९३४) मधील देवीच्या मंदिराची भव्यता आजही दिपवते. परंतु श्रेष्ठ काम 'संत तुकाराम' (१९३६) मध्ये आहे, जेथे तुकोबांचे ओढगस्तीचे घर आणि त्यांची पत्नी आवली हिची म्हैस इतकी रोजच्या जगण्यातली वाटतात की, अखेरीस उतरणारे पक्ष्याच्या आकाराचे विमानही त्याच गावाच्या आभाळातले वाटते. चमत्काराला विश्वसनीयता तंत्राने दिली, असे म्हणतात. ती खरे तर त्या घराने दिली.

त्यानंतरचा प्रवास थोडक्यात सांगता येतो. भालजी पेंढारकरांच्या जयप्रभा स्टुडिओने ऐतिहासिक चित्रपटांना गड आणि दरबार दिले, गांधीहत्येनंतरच्या १९४८ च्या जाळपोळीत स्टुडिओची राखरांगोळी झाली, तो पुन्हा उभा राहिला. तमाशापटांच्या काळात मात्र फड, चावडी आणि पाटलाचा वाडा यांचा साचा पक्का झाला आणि नेपथ्य कथेसाठी घडवण्याऐवजी कथाच उपलब्ध नेपथ्यात बसवण्याची सवय जडली. अलीकडच्या मालिकांनी करवीर तालुक्यातील खरेखुरे वाडेच चित्रीकरणासाठी घेतले. त्यात अस्सलपणा आयता मिळतो, पण भिंतीचा रंग, खिडकीची उंची किंवा देवघराची जागा पात्राच्या स्वभावावरून ठरवण्याचे काम उरत नाही.

या व्यवसायातील यशाचा मार्ग मुंबईतून जातो. दापोलीचे नितीन चंद्रकांत देसाई (१९६५–२०२३) नितीश रॉय यांच्याकडे सहायक म्हणून घडले, चार राष्ट्रीय पुरस्कार त्यांनी मिळवले आणि कर्जतला स्वतःचा स्टुडिओ बांधला. सहायक, कलादिग्दर्शक, प्रॉडक्शन डिझायनर ही चढण चढायला एकामागून एक मोठी कामे एकाच ठिकाणी मिळावी लागतात. कोल्हापुरात कलाशिक्षणाच्या संस्था आहेत, सुतार, मूर्तिकार, रंगारी आहेत. नसते ते असे सलग काम. कोल्हापूरजवळच्या मोरेवाडीतील चित्रनगरीने, म्हणजे चित्रीकरण संकुलाने, तयार स्थळे भाड्याने देण्यावर समाधान मानू नये, तर आराखडा, प्रतिकृती आणि बांधणी शिकवणारी कायमची कार्यशाळा तेथे चालवावी आणि तिथल्या उमेदवारांना श्रेयनामावलीत नाव मिळेल, असा करार निर्मात्यांशी करावा.