सालोमालोंना कोण ओळखणार?

पिंपरीच्या संत तुकारामनगरात आचार्य अत्रे रंगमंदिर आहे. मराठी कवितेतले दोन अत्यंत तिखट टीकाकार असे एकाच पत्त्यावर भेटतात, हे तिथे पुस्तक-प्रकाशनाला जाणाऱ्यांच्या सहसा ध्यानात येत नाही. हार, शाल, श्रीफळ, मग प्रमुख पाहुण्यांचं ‘या कवितेला मातीचा गंध आहे’ हे ठरलेलं वाक्य, आणि चहा. त्या दोघांपैकी एकजण जरी सभागृहात मागच्या रांगेत येऊन बसला असता, तर बहुतेक पाहुण्यांची बोलती बंद झाली असती.

तुकोबांना आपण टीकाकार म्हणत नाही, पण म्हणायला हवं. गाथेत ‘सालोमालो’ नावाच्या माणसांवर अभंग आहेत. तुकोबांच्या रचनेवर आपली मुद्रा घालून ती स्वतःची म्हणून गाणारे हे लोक, असं परंपरा सांगते. तुकोबांचा राग चोरीपुरता नाही. ज्याच्या शब्दामागे अनुभव नाही, त्याच्या कवितेचं काय होतं, ती कशी पोकळ वाजते, हे ते नेमकं दाखवतात. अस्सल आणि नक्कल यांत निवड करणं हे टीकेचं पहिलं काम. ते सतराव्या शतकात देहूत, आजच्या तळवडे-चिखलीच्या शेजारी, एका कवीने केलं. संपादनाचं कामही इथलंच. चाकणपासून फार लांब नसलेल्या सुदुंबऱ्याच्या संताजी तेली जगनाड्यांनी अभंग उतरवून ठेवले. त्यांच्या वह्यांवरून वि. ल. भाव्यांनी १९१९-२०मध्ये ‘अस्सल गाथा’ छापला. कोणता अभंग तुकोबांचा आणि कोणता मागाहून घुसलेला, हा वाद आजही मिटलेला नाही. ज्या मुलखात पाठभेदांवरून भांडणं होतात, त्या मुलखाला टीका परकी नाही.

अत्र्यांची तऱ्हा वेगळी. १९२०च्या दशकात ‘केशवकुमार’ या नावाने त्यांनी विडंबनं लिहिली आणि ‘झेंडूची फुले’मध्ये रविकिरण मंडळाच्या कवितेतली लाडिक लकब उघडी पाडली. विडंबनाकडे आपण करमणूक म्हणून पाहतो. पण दुसऱ्याची लय, त्याचे लाडके शब्द, त्याची वाक्य मोडण्याची खोड हे सगळं हातात आल्याशिवाय विडंबन जमत नाही. म्हणजे बारकाईने वाचणं आलंच. दहा पानांच्या समीक्षेने जे साधत नाही ते अत्र्यांनी आठ ओळींत साधलं, आणि तेही स्वतः कवी असल्यामुळे. इंग्रजीत ड्रायडनने ‘मॅकफ्लेकनो’ (१६८२) लिहून आणि पोपने १७२८मध्ये ‘डन्सिअड’ लिहून सुमार कवींची जी गत केली, ती याच जातीची.

इंग्रजी समीक्षेचा इतिहास पाहिला तर त्यातली वळणं बहुतेक कवींनी आणलेली दिसतात. सर फिलिप सिडनीचं कवितेचं समर्थन त्याच्या मृत्यूनंतर १५९५मध्ये छापलं गेलं. ड्रायडनचा नाट्यकाव्यावरचा निबंध १६६८चा. त्यालाच पुढे सॅम्युअल जॉन्सनने इंग्रजी टीकेचा जनक मानलं. जॉन्सन स्वतः कवी आणि कोशकार. वर्ड्‌स्वर्थने १८००मध्ये ‘लिरिकल बॅलड्‌स’च्या दुसऱ्या आवृत्तीला प्रस्तावना जोडली. ती का जोडली, हे पाहण्यासारखं आहे. साध्या माणसांच्या बोलीत लिहिलेली आपली कविता जुन्या सवयीच्या वाचकाला कविताच वाटणार नाही, हे त्याला कळत होतं. म्हणून त्याने वाचकाला शिकवायला घेतलं. सतरा वर्षांनी त्याच्याच मित्राने, कोलरिजने, ‘बायोग्राफिया लिटरारिया’त त्या प्रस्तावनेतल्या भाषाविचाराची कठोर झडती घेतली. मैत्री होती, एकत्र पुस्तक काढलं होतं, तरीही. आपल्याकडे अशा झडतीनंतर निदान एक व्हॉट्सॲप ग्रुप तरी फुटला असता.

या परंपरेचा धागा मराठीत लवकर आला. विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी ‘निबंधमाले’त (१८७४-८१) जॉन्सनवर विस्ताराने लिहिलं, आणि मराठीत टीकेला एक करारी गद्य मिळालं. पण चिपळूणकर कवी नव्हते. कवी आणि टीकाकार एकाच अंगात पुरेपूर आले ते बा. सी. मर्ढेकरांच्या.

मर्ढेकरांजवळ जरा थांबायला हवं, कारण आपल्या पिंपरी-चाकणच्या कारखानी पट्ट्यातल्या कवितेचे ते पूर्वज आहेत, मग इथल्या कवींनी त्यांना वाचलेलं असो वा नसो. फैजपुरात जन्म, इंग्लंडमध्ये शिक्षण, आकाशवाणीची नोकरी, १९५६मध्ये सेहेचाळिसाव्या वर्षी मृत्यू. १९३७मध्ये त्यांचं सौंदर्यशास्त्रावरचं इंग्रजी पुस्तक लंडनमध्ये निघालं, १९४१मध्ये ‘वाङ्मयीन महात्मता’, आणि १९५५मध्ये ‘सौंदर्य आणि साहित्य’. या शेवटच्या पुस्तकाला मरणोत्तर साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. संवाद, विरोध आणि समतोल या लयीच्या तीन तत्त्वांवर त्यांनी सगळ्या कलांचं घर बांधायचा प्रयत्न केला. ‘भावनानिष्ठ समतानता’ ही त्यांची संकल्पना. वरवर एकमेकींशी संबंध नसलेल्या दोन गोष्टी भावनेच्या पातळीवर एकाच ताणाच्या असतात आणि म्हणून प्रतिमेत एकत्र येतात, असं ते म्हणत. एलियटने १९१९मध्ये हॅम्लेटवरच्या निबंधात मांडलेल्या विचाराशी तिची तुलना नेहमी होते.

गंमत अशी, की मर्ढेकरांचं शास्त्र आणि त्यांची कविता यांचं पूर्ण पटत नाही. शास्त्र शुद्ध घाटाचा आग्रह धरतं. कविता मात्र यंत्रात, गर्दीत, गिरणगावात, महायुद्धानंतरच्या सडक्या हवेत बरबटलेली. ‘काही कविता’वर अश्लीलतेचा खटला झाला, न्यायालयाने त्यांना निर्दोष ठरवलं. माझ्या मते या न पटण्यातच त्यांची ताकद आहे. ज्याला फक्त सिद्धान्त मांडायचा असतो तो कविता सिद्धान्तात बसवतो. कवी-टीकाकाराला ती सोय नसते. त्याची स्वतःची कविताच त्याच्याविरुद्ध साक्षीला उभी राहते. रा. भा. पाटणकरांसारख्या तत्त्वज्ञांनी मर्ढेकरी सौंदर्यशास्त्राची पुढे कसून तपासणी केली. त्या तपासणीतून शास्त्राच्या भेगा दिसल्या, कविता तशीच राहिली.

विंदा करंदीकर इंग्रजीचे प्राध्यापक. त्यांनी ॲरिस्टॉटलचं काव्यशास्त्र मराठीत आणलं, ‘परंपरा आणि नवता’मध्ये समीक्षालेख लिहिले. हेच विंदा वसंत बापट आणि मंगेश पाडगावकरांबरोबर गावोगाव कविता वाचत हिंडले. आजची आपली कविसंमेलनं त्या तिघांच्या वाटेवरून चालतात. पण आपण त्यांच्याकडून मंच घेतला, विंदांचं लिहिण्याचं टेबल घेतलं नाही. टाळी घेणारा कवी ॲरिस्टॉटलशीही झुंजू शकतो, ही गोष्टच विसरली गेली.

भालचंद्र नेमाड्यांनी ‘टीकास्वयंवर’मध्ये (१९९०) याच इंग्रजी वळणावर हल्ला केला. इंग्रजीचाच प्राध्यापक इंग्रजी चष्म्याला नकार देतो, यात विसंगती शोधणाऱ्यांनी शोधावी. मला ते स्वाभाविक वाटतं, कारण चष्म्याची काच कुठे वाकडी आहे हे तो घालणाऱ्यालाच कळतं. त्यांचे अनेक निवाडे मला अन्याय्य वाटतात, त्यांच्या देशीवादाचा पुढे झालेला वापर तर फारच. पण ‘मेलडी’तल्या कविता लिहिणारा माणूस तुकारामावर पुस्तिका लिहितो तेव्हा आपली परंपरा कुठून मोजायची हा प्रश्न पुन्हा देहूपाशी येतो. दिलीप चित्रे त्याच ठिकाणी वेगळ्या वाटेने पोचले. ‘पुन्हा तुकाराम’ (१९९०) आणि इंग्रजीतलं ‘सेज तुका’ (१९९१) ही दोन्ही टीकेची पुस्तकं आहेत, कारण निवड आणि अनुवाद करताना प्रत्येक ओळीवर निकाल द्यावा लागतो.

याच चित्र्यांनी नामदेव ढसाळांच्या कविता इंग्रजीत नेल्या. ढसाळ मूळचे पूर-कनेरसरचे, म्हणजे खेड तालुक्याचे. चाकण ज्या तालुक्यात आहे, त्याच तालुक्याचे. त्यांच्या ‘गोलपिठा’ या संग्रहाला विजय तेंडुलकरांनी प्रस्तावना लिहिली. त्यासाठी ते ढसाळांबरोबर त्या कवितेतल्या वस्तीत हिंडले, आणि या कवितेतले कितीतरी शब्द व संदर्भ आपल्याला ठाऊक नाहीत हे त्यांनी लपवलं नाही. प्रस्तावना लिहायची तर अशी. नाहीतर न लिहिलेली बरी.

‘गोलपिठा’च्याच दशकात शरच्चंद्र मुक्तिबोध हा आणखी एक कवी ‘सृष्टी, सौंदर्य आणि साहित्यमूल्य’ लिहून माणसाला टीकेच्या मध्यभागी आणत होता. यशवंत मनोहरांनी कविता आणि दलित साहित्याची सैद्धांतिक मांडणी दोन्ही सांभाळली. घाट की आशय हा मर्ढेकरांच्या वेळचा वाद या लोकांनी उलथून टाकला. कोणाचा आशय, कोणासाठी घाट, असं ते विचारू लागले.

आता आपल्या पट्ट्याकडे येऊ. १९५४मध्ये पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्स आलं, साठच्या दशकात टेल्को आणि बजाज, १९७०मध्ये नगरपालिका, १९८२मध्ये महानगरपालिका, आणि गेल्या पंधरा-वीस वर्षांत चाकणच्या माळावर फोक्सवॅगन, महिंद्रासारख्यांचे प्रकल्प. या सगळ्याबरोबर कविताही आली. मराठवाड्यातून, खानदेशातून, विदर्भातून आलेली मुलं आयटीआय करून लाइनवर उभी राहिली आणि सेकंड शिफ्ट सुटल्यावर लिहू लागली. नारायण सुर्वे त्यांचं दैवत. सुर्व्यांच्या नावाची साहित्य-कला अकादमीही शहरात आहे. कवितासंग्रह निघतात, काव्यमंच भरतात, महाराष्ट्र साहित्य परिषदेची शाखा कार्यक्रम घेते. २०१६च्या जानेवारीत एकोणनव्वदावं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन इथे थाटात झालं. अध्यक्ष श्रीपाल सबनीस, म्हणजे स्वतः समीक्षक. पण त्या संमेलनाची आठवण काढली की लोकांना आधी त्यांचं पंतप्रधानांविषयीचं वक्तव्य आणि त्यावरचा गदारोळ आठवतो. समीक्षेविषयी काय बोललं गेलं, हे विचारलं तर माणसं छताकडे पाहतात.

इथे कविता भरपूर आहे आणि टीका जवळपास नाही, असं माझं स्पष्ट मत आहे. प्रस्तावना आहेत, पाठराखणी आहेत, परीक्षणाच्या नावाखाली अभिनंदनं आहेत. त्यांत ‘श्रमाचा घाम’ आणि ‘कष्टकऱ्यांचा हुंकार’ हे शब्द इतक्या वेळा आलेत, की कवीचं नाव बदललं तरी मजकूर चालून जावा. परिणाम असा, की चांगल्या कवीला आपण चांगले का आहोत हे कळत नाही आणि वाईट कवीला काहीच कळत नाही. गिरणीतल्या संपाची भाषा अजून उसनी वापरली जाते. पण चाकणचा कंत्राटी मुलगा गिरणी कामगार नाही. त्याला युनियन नाही, अकरा महिन्यांनी ब्रेक आहे. ‘ट्रेनी’ म्हणून तो दुसऱ्या कंपनीत पुन्हा पहिल्यापासून लागतो. ब्लॉक क्लोजरची, म्हणजे कंपनी काही दिवस उत्पादन बंद ठेवते तेव्हाची, सुट्टी ही सुट्टी नसते, हे त्याला माहीत आहे. टॅक्ट टाइम, म्हणजे लाइनवर एका नगाला मिळणारा ठरलेला वेळ, कसा असतो, लाइन थांबली तर सुपरवायझरचा आवाज कसा चढतो, हे ज्याला ठाऊक नाही तो त्याची ओळ तुटक का आहे हे सांगू शकणार नाही. ती तुटकता त्याच्या कामाच्या लयीतून आली, की मुक्तछंदाच्या नावाखाली आळसातून? हा प्रश्न मर्ढेकरांच्या शास्त्राचा आणि मुक्तिबोधांच्या शास्त्राचा, दोन्हींचा आहे. त्याचं उत्तर विद्यापीठातून येणार नाही. इथल्याच एखाद्या कवीला ते द्यावं लागेल.

‘ड्युटी करून कविता होते तेच पुष्कळ, टीका कुठे लिहिणार?’ असं म्हटलं जातं. मॅथ्यू आर्नल्ड पस्तीस वर्षं शाळा-तपासनीस होता. इंग्लंडभर आगगाडीने हिंडून पोरांच्या परीक्षा घेत त्याने टीका लिहिली. एलियट १९१७ ते १९२५ लॉइड्‌स बँकेत कारकुनी करत होता, आणि ‘द सेक्रेड वुड’ (१९२०) त्याच वर्षांतलं. खरी अडचण वेगळी आहे. आज ज्याच्या संग्रहाबद्दल लिहायचं, तोच उद्या आपल्या संग्रहाच्या प्रकाशनाला मंचावर हवा असतो. गावातले सगळे कवी एकमेकांचे पाहुणे झाले की निकाल कोण देणार?

यावर एक जुना उपाय आहे. आय. ए. रिचर्ड्‌सने केंब्रिजमध्ये विद्यार्थ्यांना कवींची नावं झाकून कविता वाटल्या आणि त्यांच्याकडून मतं लिहून घेतली. हुशार पोरांनी थोरांना नापास केलं आणि सुमारांना डोक्यावर घेतलं. त्या गोंधळाचं विश्लेषण म्हणजे १९२९चं ‘प्रॅक्टिकल क्रिटिसिझम’. पुढच्याच वर्षी त्याचा विद्यार्थी, कवी विल्यम एम्प्सन, याने ‘सेव्हन टाइप्स ऑफ ॲम्बिग्युइटी’ लिहून इंग्रजी वाचनाची पद्धत बदलली. तेव्हा तो अवघा चोवीस वर्षांचा होता.

भोसरी, चिंचवड, चाकण, कुठल्याही काव्यमंचाच्या चालकांना माझी विनंती आहे. पुढच्या बैठकीत सत्कार एकदा वगळा. पाच कविता नावं काढून छापा. त्यातली एक मर्ढेकरांची, एक सुर्व्यांची, उरलेल्या तीन आपल्या सभासदांच्या. प्रत्येकाने एक पान लिहावं, ओळ आवडली तर का आणि नाही आवडली तर का. ती पानं तिथेच मोठ्याने वाचा, आणि कवींची नावं सगळ्यांत शेवटी सांगा.